विमानातले मांडे

हैदराबादहून परत आल्यापासून धुळ्याच्या देवपुरातले माझे सकाळच्या फिरण्याचे सोबती मला चारमिनारबद्दल विचारतात. चारमिनार मी पाहिला नाही. मी पाहिली ती आमच्या थोरल्या मेहुणीची पाठ, तीही विमानात, केळीच्या वेफर्सच्या पिशवीतून. एवढं सांगितलं की मंडळी एकमेकांकडे बघतात आणि हवापाण्याचा विषय काढतात. म्हणून सगळं क्रमानं लिहून काढायचं ठरवलं. पुढेमागे कुणाला विमानात दोन्ही हात मोकळे ठेवून फोन बघायचा प्रसंग आला, तर त्याला यातून दोन गोष्टी मिळतील. नाही मिळाल्या तर माझा नाइलाज आहे.

धुळे

मी शाळेत कवायतीचा मास्तर होतो. सगळी नोकरी 'हात वर, हात खाली' करण्यात गेली. स्वयंपाकघराशी माझा संबंध पाण्याच्या माठापर्यंत. त्यापलीकडे कमलचं, म्हणजे आमच्या सौभाग्यवतींचं, राज्य.

आमची एकुलती एक मनीषा हैदराबादला दिली आहे. दिली म्हणजे तिनंच ठरवलं आणि आम्ही अक्षता टाकल्या. जावई तेलुगू, स्वभावानं गरीब. मनीषाला पाचवा महिना लागला तरी तिच्या पोटात अन्न ठरत नव्हतं. डॉक्टरीणबाई रागावल्या होत्या, वजन वाढायच्या ऐवजी घटतंय म्हणाल्या होत्या. रोज संध्याकाळी फोन यायचा आणि रोज कमल एकच विचारायची, 'काय खाल्लंस?' पलीकडून उत्तर यायला वेळ लागायचा. त्या वेळात आम्ही दोघंही एकमेकांकडे बघत नसू.

एका संध्याकाळी ती आपणहून म्हणाली, "आई, खापरावरचा मांडा खावासा वाटतोय गं. बाकी कशाचा वासही नको."

ज्यांनी मांडा पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो. मांडा ही आमच्या खानदेशातली पुरणपोळी, पण तिला पोळी म्हटलेलं बायकांना आवडत नाही. कणीक इतकी सैल तिंबायची की ती हातातून ओघळली पाहिजे. तिच्यात पुरण भरायचं आणि पोळपाटाला न शिवता, नुसत्या हातांवर, या हातावरून त्या हातावर झुलवत तो गोळा वाढवायचा. तळव्यावरून मनगटावर, मनगटावरून कोपरापर्यंत. मग उपड्या घातलेल्या तापल्या खापरावर, म्हणजे मातीच्या मोठ्या भांड्यावर, अलगद भिरकावायचा. या सगळ्यात तो फाटता कामा नये. लग्नासाठी मुलगी बघायला जाताना पूर्वी हेच बघत, असं आमची आई सांगायची.

कमलचं गुडघ्याचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं. ती वॉकर धरून न्हाणीपर्यंत जात होती, तेच खूप होतं. ती जाणं शक्य नव्हतं. तेवढ्यात फोनवर मागून विहीणबाईंचा आवाज आला. त्या त्यांच्या हिंदीत म्हणाल्या, की आई येऊ शकत नसतील तर मी आमचे बोब्बट्लू करते, तेही पुरणाचेच असतात. यावर आमची मनीषा काय म्हणाली असेल? म्हणाली, "नको अम्मा. आमच्याकडे मांडे बाबाच करतात. बाबा येतील."

मी तेव्हा चहात बिस्किट बुडवत होतो. ते तिथेच राहिलं.

"आता?" मी कमलला विचारलं.

"आता जा," ती म्हणाली. "लेकीनं सासरी तुमचा मोठेपणा सांगितलाय. तो खाली पडू द्यायचा नाही."

"अगं पण मला..."

"शिका. आणि तिथं विहीणबाईंच्या पुढे फोनमध्ये बघत करू नका. शिकायचं ते दारात पाय ठेवायच्या आधी. कणीक आणि पुरण मी विहीणबाईंना फोनवरून सांगून करून घेते. तुमच्याकडे फक्त हात."

जावयानं जळगावहून परवाचंच विमान काढलं होतं. म्हणजे शिकायला वाट तेवढीच होती: एरंडोल, पिंप्राळा आणि आकाश.

एरंडोल

कमलची थोरली बहीण, आमची अक्का, एरंडोलला गावाच्या कडेला राहते, पद्मालयाकडे रस्ता फुटतो त्या अंगाला. घराण्यातल्या एकूणएक लग्नांत मांडे तिचे. मी खापर गोधडीत गुंडाळून, मांडीवर घेऊन एसटीत बसलो. कंडक्टरनं गोधडीवर बोटानं टकटक करून पाहिलं.

"काय शे आठे?"

"खापर."

"कथा लई चालनात? कोनता गावले?"

"विमानात."

त्यानं मला तिकीट दिलं आणि पारोळ्यापर्यंत पुन्हा माझ्याकडे पाहिलं नाही.

अक्कानंच जावं असं मी आधी सुचवून पाहिलं होतं. ती म्हणाली, "मी काय पाखरू शे का, आकाशमा उडाले?" तेव्हा तिचा व्हिडिओ घ्यायचा आणि तो विमानात बघत बघत हात बसवायचा, असं ठरलं. चूल पेटली, खापर उपडं पडलं, अक्कानं कणकेला हात घातला. मी फोन घेऊन तिच्या समोर उभा राहिलो. त्याबरोबर तिनं पदर पुढे ओढला आणि गर्रकन पाठ फिरवली.

"अक्का, इकडे तोंड करा ना. हात दिसू द्या."

"तो फोन याहीना घर जाई," ती भिंतीकडे बघत म्हणाली. "याही दखतीन. मी तठे तोंड दखाडू का?"

"व्याही नाही बघणार. मी एकटाच बघणार."

"तुम्ही बी पाव्हनाच शेत ना."

अक्काच्या पिढीची बाई व्याह्यासमोर तोंड उघडं टाकून उभी राहत नाही, मग तो व्याही हैदराबादला का असेना आणि फोनमधून का बघेना. कमलला फोन लावला तर तीही म्हणाली, "बरोबर आहे अक्काचं." मग मी मुकाट्यानं तिच्या मागे उभा राहिलो आणि तसाच सगळा व्हिडिओ घेतला. त्यात हिरवं लुगडं आहे, एक रुंद पाठ आहे, आणि त्या पाठीच्या दोन्ही बाजूंना वरखाली होणारी दोन कोपरं आहेत. मांडा मोठा होत गेला की त्याच्या कडा थोडा वेळ डावी-उजवीकडे डोकावतात. मग दोन्ही हात एकदम उजवीकडे जातात आणि 'थप्प' असा आवाज येतो. मांडा असा आख्ख्या व्हिडिओत कुठेच दिसत नाही.

मग तिनं माझ्या हातावर गोळा ठेवला. मी तो झुलवला आणि तो माझ्या मनगटात कंकणासारखा अडकून बसला. दुसरा चुलीत पडला. तिसऱ्याचं काय झालं ते तिच्या मांजरीला माहीत.

"तुमना हात कवायतना शे," अक्का म्हणाली. "सैपाकना नही. इतला ताठ कसाले धरतस? बठ्ठा ढिला सोडा."

आयुष्यभर मी पोरांना ताठ राहायला सांगितलं, आणि म्हातारपणी मला ढिलं राहायला सांगायला अक्का निघाली. जेवायला तिनंच केलेले मांडे, दूध आणि झणझणीत रशी वाढली. मी किती मांडे खाल्ले ते लिहीत नाही. शिकण्याच्या दृष्टीनं त्याचा काही उपयोग झाला नाही, पण दुसऱ्याच्या हातचं इतकं सोपं का लागतं याचा विचार मात्र हात धुवेपर्यंत चालला होता.

पिंप्राळा

मुक्काम पिंप्राळ्याला, म्हणजे जळगावातच, सुधाकरकडे. सुधाकर हा कमलचा धाकटा भाऊ. पंखे, मिक्सर, इस्त्र्या दुरुस्त करतो, आणि न बिघडलेल्या वस्तूसुद्धा त्याच्या हाती सोपवायला शेजारी कचरतात. थंडीचे दिवस, त्यामुळे ताटात भरीत आणि कळण्याची भाकरी होती. मी पहिला घास घेतला आणि अडचण सांगितली: विमानात व्हिडिओ बघायचा, पण दोन्ही हात मांड्याच्या सरावाला हवेत. मग फोन धरायचा कुणी?

सुधाकरनं ताट बाजूला सारलं. "भाऊजी, हे तुम्ही आधी का नाही सांगितलं? हात मोकळे पाहिजेत म्हणजे फोन टांगला पाहिजे."

जेवायला बसलो होतो त्या दारापुढच्या ओट्यावरच त्यानं प्लॅस्टिकच्या दोन खुर्च्या एकामागे एक ठेवल्या आणि हे विमान असल्याचं जाहीर केलं. पुढच्या खुर्चीवर त्याची बायको वर्षा, मेथी निवडत. ती आमच्या पुढची प्रवासी. मागच्या खुर्चीवर मी.

पहिला प्रयोग कपाळावर. सायकलच्या ट्यूबचा पट्टा काढून त्यानं फोन माझ्या डोळ्यांसमोर बांधला. फोन इतका जवळ आला की मला दोन अक्का दिसू लागल्या आणि दोघींच्याही पाठी तिरक्या. पट्टा काढल्यावर भुवया बराच वेळ वरच राहिल्या.

दुसरा प्रयोग गळ्यात. कपडे अडकवायच्या हँगरच्या तारा वाकवून त्यानं एक सापळा केला. तो गळ्यात बसायचा आणि त्याच्या टोकाला छातीसमोर फोन उभा राहायचा. हे झकास जमलं, जोवर मी हात हलवले नव्हते. हात हलवले की सापळा हलायचा, फोन नाचायचा आणि अक्का अंगात आल्यासारखी घुमायची.

तिसरा प्रयोग पुढच्या खुर्चीच्या पाठीला, कपडे वाळत घालायच्या चिमट्यांनी. हा सगळ्यात बरा. अक्काची पाठ माझ्या बरोबर समोर आली आणि मला पहिल्यांदा एक गोष्ट उमगली. समोरून बघितलं असतं तर तिचा उजवा हात माझ्या डावीकडे आला असता आणि माझा गोंधळ उडाला असता. मागून तिचं उजवं ते माझं उजवं. पुढच्या खुर्चीवर अक्काच बसली आहे आणि तिच्यामागून मी हात हलवतोय, इतकं ते सोपं झालं. मी मनातल्या मनात अक्काला हात जोडले. तेवढ्यात कुकरची शिट्टी झाली, वर्षा उठली, हलकी झालेली खुर्ची मागे कलंडली आणि फोन भरताच्या पातेल्यात गेला.

"विमानात पुढचा माणूस कुकर बघायला उठत नाही," सुधाकर म्हणाला. "प्रयोग यशस्वी आहे."

फोन पुसल्यावर सुरू झाला. भाजलेल्या वांग्याचा वास मात्र त्याला हैदराबादपर्यंत येत होता.

तरी सुधाकरचं समाधान होईना. हवेत विमान हादरतं असं त्यानं कुठेतरी ऐकलं होतं. म्हणून गळ्यातला सापळा घालून, अक्का सुरू करून, त्यानं मला स्कूटरवर मागे बसवलं आणि पिंप्राळ्याच्या यच्चयावत गतिरोधकांवरून फिरवून आणलं. मी दोन्ही हातांनी हवेत मांडे करतोय आणि पुढे सुधाकर ओरडतोय, "दिसतंय का, भाऊजी? दिसतंय का?" कोपऱ्यावरचा एक रिक्षावाला उतरून उभा राहिला आणि मोठ्या आदरानं म्हणाला, "काका, दिष्ट काढायला लावलं का हे?" मी हो म्हणालो. खरं सांगण्यापेक्षा ते सोपं होतं.

विमानतळ

जळगावचं विमानतळ मला आवडलं. आमच्या धुळ्याच्या बसस्टँडपेक्षा लहान आणि कितीतरी शांत. खापराची गोधडी सामानात दिली, तिच्यावर 'नाजूक' अशी चिठ्ठी लावून घेतली. हातातल्या पिशवीत तारेचा सापळा, चिमटे आणि कमलनं दिलेले लाडू.

सुरक्षा तपासणीच्या जवानानं सापळा बाहेर काढला. बिचारा उत्तरेकडचा, मिशीवाला, गंभीर.

"ये क्या है?"

"फोन देखने के लिए."

"पहनकर दिखाइए."

मी घातला, फोन अडकवला. तो पुढे वाकला. पडद्यावर हिरवी पाठ हलत होती.

"ये किसकी पीठ है?"

आता खोटं बोलायची ती जागा नव्हती. "मेरी साली की," मी म्हणालो.

मागच्या रांगेनं माना उंच केल्या. जवानानं माझ्या पांढऱ्या केसांकडे पाहिलं, मग पुन्हा फोनकडे पाहिलं. तेवढ्यात फोनमधून 'थप्प' झालं आणि अक्काचा आवाज आला, "दखा, आस्स टाकानं."

"रोटी बना रही है?" त्यानं विचारलं.

"हाँ."

त्यानं आणखी एक मांडा खापरावर पडेपर्यंत पाहिलं. "अच्छा बनाती है," तो म्हणाला आणि सापळा काढून घेतला. तारेची टोकं अणकुचीदार होती, त्यामुळे त्याचं काही चुकलं असं मला वाटत नाही. चिमटे त्यानं परत केले.

हवेत

विमान पंख्याचं, छोटं. माझ्या शेजारी सावद्याचे एक केळीचे व्यापारी आले, पांढरेशुभ्र कपडे, पांढरी टोपी. सगळे त्यांना नाना म्हणतात म्हणाले, म्हणून मीही नाना म्हणालो. त्यांच्या मांडीवर घरच्या केळीच्या वेफर्सची एक भली मोठी पारदर्शक पिशवी होती. विमान उडालं तेव्हा मी खुर्ची आणि नानांचा हात दोन्ही धरले होते. खिडकीतून खाली केळीच्या बागा हिरव्या चौकटींसारख्या दिसत होत्या आणि नाना त्यांतल्या एकेकीकडे बोट दाखवून ही अमक्याची, ती तमक्याची असं सांगत होते. मला सगळ्या सारख्याच दिसल्या, पण मी मान डोलावली.

पट्टे सोडायची खूण झाल्यावर मी चिमटे काढले. पुढच्या खुर्चीची पाठ चांगली जाडजूड. तिच्यावर चिमटा तोंड वासून घसरे. समोरची फळी पाडून फोन तिच्यावर टेकवला, तर पहिल्याच झोक्याला माझ्या कोपरानं तो नानांच्या पायात गेला.

"भाऊ, काय करून राहिले तुम्ही?" नानांनी फोन देत विचारलं.

मी सगळं सांगितलं. मनीषाचं न जेवणं, तिनं सासूला सांगितलेलं, अक्काची पाठ. तोवर मी हे सगळं एक फजिती म्हणूनच सांगत आलो होतो, या वेळी ती फजिती वाटेना. नाना वेफर खायचे थांबले.

"पोरगी जेवत नाही म्हंजे काय?" ते म्हणाले. "थांबा."

त्यांनी डोक्यावरची टोपी काढली, मांडीवर उलटी धरली आणि पिशवीतले सगळे वेफर्स तिच्यात ओतले. रिकाम्या पिशवीत माझा फोन सरकवला. समोरची फळी उचलली, पिशवीचं तोंड फळी आणि खुर्ची यांच्या फटीत धरलं आणि फळी बंद करून खिट्टी फिरवली. पिशवी चिमटीत सापडली. फोन माझ्या डोळ्यांसमोर लोंबकळत सरळ उभा राहिला. पिशवी आतून तेलकट होती, त्यामुळे अक्का जरा धुरकट दिसत होती, पण चुलीपुढे ती तशीच दिसते. सुधाकरची रात्रभरची विद्या त्या पिशवीपुढे फुकट गेली हे मी त्याला अजून सांगितलेलं नाही.

मग मी कवायत बसवली. एक: गोळा डाव्या तळव्यावर. दोन: उजव्याच्या पाठीवर. तीन: मनगट. चार: कोपर बाहेर. अक्काची पाठ हलली की माझी हलायची.

"कोपर वर घ्या ना," नाना वेफर चावत म्हणाले. "माही माय करे तं कोपर खांद्याच्या बरोबरीनं राहे."

कोपर वर घेतलं. ते नानांच्या कानाला लागलं. "असंच," नाना म्हणाले.

हवाईसुंदरी लगबगीनं आली. "सर, आपको कुछ तकलीफ़ है?"

"तकलीफ नही, मॅडम," नानाच म्हणाले. "पुरणपोळी हो रही है."

तिनं माझ्या रिकाम्या हातांकडे पाहिलं. आमच्याकडे मनातल्या मनात मांडे खाणारे पुष्कळ असतात. करणारा तिनं प्रथमच पाहिला असावा. तिनं पाणी आणून दिलं आणि दोन रांगा मागे जाऊन उभी राहिली.

त्या पाण्यानंच घात केला. नाना म्हणाले, की रिकाम्या हातांना वजन कळत नाही, काहीतरी ओलं पाहिजे. मी माझा मोठा रुमाल भिजवला, पिळला आणि हातांवर झुलवायला घेतला. आणि काय सांगू, रुमाल चालू लागला! तळव्यावरून मनगटावर, मनगटावरून कोपरावर, मी ढिला, रुमाल ढिला. पलीकडच्या रांगेतली एक बाई हातातलं मासिक ठेवून बघू लागली. अक्काचे हात उजवीकडे गेले, माझेही गेले. पिशवीत 'थप्प' झालं, आणि तसंच 'थप्प' बाहेरही झालं.

पुढच्या खुर्चीवर एक गृहस्थ झोपले होते. त्यांचं डोकं संपूर्ण गुळगुळीत होतं आणि खुर्चीच्या वर उपड्या खापरासारखं आलेलं होतं. रुमाल त्याच्यावर चारी बाजूंनी सारखा पसरून बसला होता. एकही सुरकुती नव्हती. खरं सांगतो, त्या क्षणी मला आधी अभिमान वाटला आणि मग भीती.

गृहस्थ हलले. त्यांनी डोळे न उघडता डोक्यावरून रुमाल ओढला, त्यानं तोंड पुसलं, मान पुसली, कानांमागं पुसलं, मग नीट चौकोनी घडी केली आणि डावीकडे हात लांबवून हवाईसुंदरीला द्यावी तशी धरली. "थँक यू," ते म्हणाले आणि पुन्हा झोपले. मी उठून, वाकून तो रुमाल अदबीनं घेतला.

"पडला बरोबर," नाना हळूच म्हणाले. "आता पोरीले पोटभर घाला."

हैदराबाद

विमानतळावर जावई गोधडी उचलायला पुढे झाले तेव्हा आतून खळ्‌खळ्‌ असा आवाज आला. खापराचे तुकडे झाले होते. नाना दारातून हात हलवून निघून गेले होते, आणि मला वाटलं की मीही त्यांच्याच मागं जावं आणि केळी विकावी.

घराचं दार मनीषानं उघडलं. मी तिला पाहिलं. गळ्याची हाडं वर आली होती. फोनवर चेहरा दिसतो, मनगटं दिसत नाहीत. ती हसली आणि म्हणाली, "आलात बाबा?" मी 'हो' म्हणालो आणि चपला काढायला वाकलो.

आत विहीणबाई, आणि त्यांनी खास बोलावलेल्या शेजारच्या चौघीजणी. मुलीचे वडील स्वयंपाक करतात हे बघायला त्या आल्या होत्या. तिकडची घरं आमच्यासारखीच, फक्त पादत्राणं काढायची जागा जास्त नेटकी आणि पाहुण्याला बसल्याबरोबर ताक देतात. कणीक आणि पुरण कमलच्या सांगण्यानुसार तयार होतं. खापर फुटल्याचं कळताच विहीणबाईंनी लोखंडी कढई शेगडीवर उपडी घातली.

सगळ्या बायका समोर येऊन उभ्या राहिल्या. मी भिंतीकडे तोंड आणि त्यांच्याकडे पाठ केली, कारण मला तसंच येत होतं. ही आमच्याकडची रीत असावी असं समजून कुणी काही बोललं नाही.

पहिला मांडा मनगटावर फाटला. मी तो तसाच कढईवर टाकला, भाजला आणि मागच्या ताटात ठेवला. दुसऱ्याला खिंडार पडलं. तिसऱ्याचा अर्धा भाग कढईवर आणि अर्धा ओट्यावर. रुमालाला पुरण नसतं हे नानांच्या आणि माझ्या लक्षातच आलं नव्हतं. मागं बायका तेलुगूत कुजबुजू लागल्या. माझे हात पुन्हा ताठ होत चालले. मनीषाचा शब्द गेला, हे मला स्पष्ट दिसलं. मी भिंतीकडे बघतच म्हणालो, "विहीणबाई, सच बोलता हूँ, मैं..."

"भाईसाब," त्या मागून म्हणाल्या, "हाथ चलाते रहो."

मी चालवत राहिलो. चौथा फाटला, पाचवा फाटला. मी फाटके मांडे मागच्या ताटात टाकत होतो आणि वळून बघायची हिंमत होत नव्हती. मग कधीतरी मी मोजून आणि घाबरूनही थकलो, खांदे पडले, आणि हातावरचा गोळा आपसूक वाढत गेला. तळवा, मनगट, कोपर. त्याच्यातून पलीकडची ओट्याची फरशी दिसायला लागली. मी तो उजवीकडे नेला आणि सोडला. तो कढईवर गोल, आख्खा, न फाटता बसला. कडा तांबूस होईपर्यंत मी श्वास रोखून उभा होतो. मग त्याची चौघडी केली, वर तूप सोडलं आणि तो दोन्ही हातांवर घेऊन वळलो.

फाटक्या मांड्यांचं ताट रिकामं होतं.

मनीषा फ्रिजला पाठ टेकून जमिनीवर बसली होती. मांडीवर दुधाची वाटी, तीही रिकामी. हनुवटीला तूप लागलेलं, बोटं पुरणानं चिकट. आणि ती झोपली होती. तोंड थोडं उघडं, लहानपणी जेवता जेवता झोपायची तशी. विहीणबाई तिच्याशेजारी जमिनीवर टेकल्या होत्या. त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. शेजारणी एकेक करून चपला हातात घेऊन निघून गेल्या.

मी आणि विहीणबाई तिच्याकडे बघत बसलो. खाल्लेलं ठरतंय का, हे बघत होतो, पण तसं कुणी म्हटलं नाही. तिचा श्वास संथ चालला होता. बराच वेळ गेला, आणि ती उठली नाही, धावत न्हाणीकडे गेली नाही. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं, ते मी खांद्याला पुसलं, कारण हातात मांडा होता.

"पैली बार बनाए ना आप?" विहीणबाईंनी अगदी हळू विचारलं.

मी मान डोलावली.

"मैं रोज बनाती," त्या म्हणाल्या. "इडली, पेसरट्टू, सब. रोज फेंकती." त्यांनी पदरानं डोळे टिपले. "आज खाई बच्ची."

मग त्यांनी माझ्या हातातल्या त्या एकुलत्या एक आख्ख्या मांड्याचे दोन तुकडे केले. एक मला दिला, एक स्वतः घेतला. तो थंड आणि जरा चिवट झाला होता. आम्ही तो तिथेच बसून, आवाज न करता खाल्ला.